आधी टेबल सांगा

विमान गेलं की सगळं जग वर बघतं. आमचे सोनवणे नाना खाली बघायचे.

धुळ्याला देवपुरात त्यांची खोली आणि माझी खोली यांच्यामध्ये एकच भिंत. पुढे एकच ओटा. सकाळी मी दात घासत बसलेला असायचो, नाना मांडीवर वही घेऊन बसलेले असायचे. वरून दिल्ली-मुंबईकडचं एखादं विमान पांढरी रेघ ओढत जायचं. बाया धुणं आपटायचं थांबवून वर बघायच्या, रिक्षावाला मान बाहेर काढायचा. नाना मनगटावरचं घड्याळ बघायचे, वही उघडायचे आणि मान खाली घालून लिहायचे. वेळ, दिशा, आवाज आला की नाही.

मी एकदा विचारलं, नाना, विमान वर आहे, तुम्ही खाली काय शोधता? तर म्हणाले, वरचं तर सगळ्यांनीच बघितलं, उद्या कुणी विचारलं तर लिहिलेलं कुणाकडे आहे?

कुणी विचारणार नव्हतं. धुळ्यात माणूस कापसाचा भाव विचारतो, चाळीसगावची गाडी विचारतो. विमानाचं कोण विचारणार? पण हे त्यांना सांगण्यात अर्थ नव्हता. मी सांगून बघितलं होतं.

मी चौथी शिकलो. जळगावला कापसाच्या एका जिनात फिटर होतो, केस पांढरे होईपर्यंत. माझ्या घरचीचं, सिंधूचं, माहेर धुळ्याचं, म्हणून काम सुटल्यावर इकडे येऊन राहिलो. मला लिहिण्याची सवय नाही. हे लिहितोय ते नानांमुळे. त्यांचं म्हणणं, जे लिहिलं नाही ते घडलंच नाही असं पुढे कुणीही म्हणू शकतं.

नाना एका सरकारी कचेरीत आवक-जावकला होते. आलेलं टपाल वहीत चढवायचं, ते कोणत्या टेबलाकडे जायचं ते कागदाच्या कोपऱ्यात लिहायचं, आणि गेलेलं टपाल दुसऱ्या वहीत चढवायचं. सगळी नोकरी त्यात गेली. लग्न केलं नाही. पौर्णिमेला पांढरा सदरा घालून विहारात जायचे, तेवढंच त्यांचं बाहेर जाणं. नोकरीमुळे त्यांची एक समजूत पक्की झाली होती, की जगात जे काही होतं ते कोणत्या ना कोणत्या टेबलाचं असतं. नळाला पाणी नाही, कुणाची गाय हरवली, कुणाचा जावई रुसला, माणूस रडत आला तरी नाना आधी चष्मा लावायचे आणि विचारायचे, टेबल कोणतं? समोरचा गोंधळला की पुढचं ठरलेलं वाक्य यायचं.

"आधी टेबल सांगा, मग रडा."

सिंधूला हे वाक्य फार आवडायचं. मी जेवताना भाजीला नावं ठेवली की ती स्टोपुढून मान न वळवता म्हणायची, आधी टेबल सांगा.

विमानाचं वेड त्यांना शेळ्यांनी लावलं. नाना नोकरीत असताना त्यांच्या कचेरीत एक अर्ज आला, की गावाबाहेरच्या धावपट्टीवर शेळ्या चरतात, बंदोबस्त व्हावा. हे कोणत्या टेबलाचं ते कुणालाच सांगता येईना. साहेब म्हणाले, विमानाचा विषय आहे, दिल्लीच्या विमानाच्या ऑफिसला पाठवून द्या. पाठवला. परत आला. वर शेरा, हा विषय या शाखेचा नाही, अमुक शाखेकडे पाठवावा. तिकडे पाठवला. तिथूनही परत आला. असं सात वेळा झालं. तोपर्यंत शेळ्या विकल्या गेल्या, अर्ज करणारा नाशकाला राहायला गेला आणि साहेबांनी फाईल बंद करायला सांगितली.

साहेबांची फाईल बंद झाली. नानांची उघडली. तीस वर्षं टपाल वाटणाऱ्या माणसाला सात वेळा पत्ता चुकल्याचं सांगितलं होतं. पण त्या सात शेऱ्यांतून त्यांना एक कळलं. जो माणूस आपलं काम नाही म्हणतो, तो कुणाचं आहे ते बहुधा सांगून जातो. ते त्यांनी वहीत उतरवलं. मग स्वतःच्या पोस्टकार्डांनी एकेक विषय विचारायला लागले. अशी नकारानकारांतून त्या माणसानं घरबसल्या दिल्लीची आणि मुंबईची ऑफिसं ओळखून काढली. कोणता जिना, कोणती शाखा, कोण कशाला बघतं. दिल्ली कधी पाहिली नव्हती. विमानात तर पाय नाही. भुसावळच्या पुढे त्यांची रेल्वेसुद्धा गेली नव्हती.

त्यामुळे एक उलटीच गोष्ट झाली. नकार आला की नाना खूश व्हायचे. पोस्टमनलाही माहीत होतं. तो लांबूनच पाकीट हलवायचा आणि म्हणायचा, नाना, नाही म्हणून आलंय वाटतं. नाना हात पुढे करायचे.

"द्या, द्या. एक टेबल कमी झालं."

मला त्यांनी ते विमानाचं ऑफिस समजावून दिलं होतं, मी न विचारता. म्हणाले, गुलाबभाऊ, आरटीओ काय करतो? बस चालवत नाही. ड्रायव्हरला लायसन देतो, गाडी पास करतो, मोडकी असली तर थांबवतो. तसं हे विमानाचं आरटीओ. आता तुमची पेटी बसमध्ये हरवली तर तुम्ही आरटीओत जाल का? मी म्हटलं, मी कंडक्टरची गचांडी धरीन. नाना म्हणाले, बरोबर, तसं पेटी हरवली तर विमान कंपनी. पासपोर्ट असेल तर पासपोर्टवाले, तो विषयच वेगळा. जकात असेल तर जकातवाले. पायलटचं लायसन, पायलटची तब्येत, विमानाची तब्येत, अपघात, ही चार टेबलं त्या ऑफिसात वेगवेगळी. आणि लोक काय करतात? लोक थेट मंत्र्याला लिहितात.

मंत्र्याला लिहिणाऱ्या माणसाबद्दल नानांना फार वाईट वाटायचं. आपल्याला आंधळ्याबद्दल वाटतं तसं.

हळूहळू लोकांना माहीत झालं. एरंडोलकडचा एक शेतकरी एकदा सकाळी सकाळी येऊन ओट्यावर बसला. शेजारच्या कापसावर कुणी तरी विमानानं औषध फवारलं होतं आणि वाऱ्यानं ते याच्या पानमळ्यावर येऊन सगळा मळा जळाला होता. तो म्हणाला, "नाना, मना पानमया बठ्ठा जयी गया. आते कोनाकडे रडू?" नानांनी त्याला पाणी दिलं, दोन कोरे कागद काढले आणि विचारलं, विमान खाली आलं होतं की वारा जास्त होता? तो म्हणाला, दोन्ही. मग अर्ज पण दोन, नाना म्हणाले. औषधाचा शेतकी खात्याला, उंचीचा विमानाच्या ऑफिसला. एका अर्जात दोन्ही घातलं की दोघंही म्हणतील दुसऱ्याचं आहे. त्या माणसाला पुढे काही तरी भरपाई मिळाली म्हणतात. मला एवढं माहीत आहे की वर्षभरानं तो विड्याच्या पानांची टोपली घेऊन आला, आणि नाना पान खात नव्हते म्हणून ती आम्ही खाल्ली. सिंधूचे ओठ आठवडाभर लाल होते.

एका शाळेला पाण्याची उंच टाकी बांधायची होती आणि जागा नेमकी धावपट्टीच्या तोंडासमोर. नानांनी योग्य जागी पत्र घातलं. उत्तर आलं, की जागेची समुद्रसपाटीपासूनची उंची कळवा. हेडमास्तर वैतागले. म्हणाले, समुद्र कुठे, धुळे कुठे, हे लोक चेष्टा करतात. नाना उठले, वही घेतली आणि धुळे स्टेशनावर गेले. स्टेशनाच्या पिवळ्या पाटीवर गावाच्या नावाखाली बारीक अक्षरात ती उंची लिहिलेली असते. शेकडो वेळा ती पाटी आपण बघतो, वाचतो कोण? नानांनी आकडा उतरवून आणला. हेडमास्तरांनी मग मोजणीवाला बोलावून पुढचं माप काढलं. टाकी झाली, पण ठरली होती त्याच्या निम्मी. हेडमास्तर नानांशी पुढे बोलेनासे झाले.

आणि आमच्याच गल्लीतली एक चष्म्याची मुलगी. तिला पायलट व्हायचं होतं. बाप म्हणाला, चष्मा लावून कोण विमान चालवतं? ती नानांकडे रडत आली. नाना म्हणाले, डोळ्यांचं टेबल वेगळं, लायसनचं वेगळं, आणि बाप हे टेबलच नाही. दिल्लीला विचारलं, किती नंबरचा चष्मा चालतो ते आलं. तिचा चालत होता. पुढे पैशांअभावी ती पायलट झाली नाही, पण मुंबईच्या विमानतळावर नोकरीला लागली. तिचं दिवाळीला कार्ड यायचं. नाना ते आवक म्हणून चढवायचे.

मी हे सगळं हसत बघायचो. विमानाशी माझा काही संबंध नव्हता. मग आला.

माझी एकुलती एक मुलगी मंगल. नवऱ्याबरोबर मस्कतला. वैशाखात सिंधूला झटका आला. मी एसटीडी बूथवरून फोन लावला, मंगलनं सोमवारच्या विमानाचं तिकीट काढलं. सिंधू बोलत नव्हती, पण मंगल येतेय म्हटलं की डोळे दाराकडे करायची. सोमवारी विमान आलंच नाही. जावयाचा बूथवर फोन आला, की आम्ही विमानतळावरच बसलोय, मुंबईहून विमान निघालं नाही, का ते कुणी सांगत नाही.

मंगळवारी सकाळी सिंधू गेली.

वैशाख, तोही खानदेशातला. मी संध्याकाळपर्यंत थांबवलं. बर्फाच्या लाद्या आणल्या, त्याही वितळल्या. सिंधूचा भाऊ आणि चार जुनी माणसं म्हणाली, आता नको. मी उठलो, तिला नेलं. मंगल बुधवारी दुपारी पोचली. दारात उभी राहिली, आत बघितलं, आणि मला एवढंच म्हणाली, "एक रात्र थांबवलं नाही तुम्हाला, बाबा?"

तेराव्यानंतर ती गेली. पुढे तिची पत्रं मामाच्या नावानं यायला लागली. शेवटी एक ओळ असायची, बाबांना नमस्कार सांगा. सिंधूचा भाऊ ती ओळ मला वाचून दाखवायचा आणि चहा न घेता जायचा.

महिना-दीड महिना मी कुणाशी बोललो नाही. मग एका सकाळी ओट्यावर गेलो आणि नानांना म्हटलं, मला एका माणसाला शिवी द्यायची आहे. ज्यानं ते विमान सोडलं नाही त्याला. पत्ता द्या.

मला वाटलं, आता ते आपलं वाक्य म्हणणार. म्हणाले असते तर मी त्यांची वही गटारात टाकली असती. ते म्हणाले नाहीत. त्यांनी चष्मा लावला.

"शिवीचं टेबल नसतं, गुलाबभाऊ. चौकशीचं असतं. विषय सांगा."

मी सांगितला. ते लिहीत गेले. मग म्हणाले, आधी कंपनीला लिहू. ते माफी मागतील, पण कारण सांगताना एखादा शब्द सोडतील, तो आपल्याला पाहिजे. त्यावरून पुढचं टेबल कळेल. पण तिकिटाचा नंबर लागेल. तो मंगलताईंकडे. तुम्ही पत्र घाला.

मी म्हटलं, तिला मी लिहिणार नाही. ती माझ्याशी बोलत नाही. नानांनी पेनाला टोपण लावलं. "मग फाईल इथेच बंद."

मी चिडून घरात गेलो. दोन दिवस ओट्यावर आलो नाही. तिसऱ्या दिवशी त्यांच्याकडूनच एक अंतर्देशीय... नाही, ते परदेशचं निळं पत्र असतं, ते मागून घेतलं आणि चार ओळी लिहिल्या. तिकिटाचा नंबर पाहिजे. चौकशी लावतोय. विमान का थांबलं ते मला कळलं पाहिजे. तुझा बाप. चार ओळींना मला सगळी दुपार लागली.

वीस-बावीस दिवसांनी माझ्या नावानं पत्र आलं. आत तिकिटाचा फाटका तुकडा आणि एक ओळ, हा घ्या नंबर, तब्येत सांभाळा. नानांनी तुकडा वहीला टाचला. पत्र मला परत दिलं. म्हणाले, हे तुमचं, याची आवक होत नाही.

कंपनीचं उत्तर आलं. इंग्रजीत दिलगिरी, आणि तांत्रिक कारणामुळे विमान मुंबईहून सुटू शकलं नाही, एवढंच. मी म्हटलं, झालं, पुसली तोंडाला पानं. नाना मात्र खुशीत मांडी थोपटत होते. तांत्रिक म्हणजे विमानाची तब्येत, म्हणाले. आणि विमान मुंबईत उभं होतं. म्हणजे दिल्लीला जायचं कारण नाही, मुंबईच्या शाखेत विमान तपासणारं जे टेबल आहे ते. मागे एकदा असंच दिल्लीला पाठवून चुकलो होतो, आता चुकणार नाही.

त्यांनी अर्ज लिहिला. मी सांगितलेल्या शिव्या एकही घातल्या नाहीत. शेवटी मात्र एक वाक्य घातलं, की अर्जदाराची पत्नी दुसऱ्या दिवशी वारली व मुलगी पोचू शकली नाही, म्हणून कारण कळावे. हे कायद्यात बसत नाही, नाना म्हणाले, पण टेबलामागे माणूस बसलेला असतो.

त्यानंतर चार महिने गेले. त्या चार महिन्यांत नाना रोज संध्याकाळी माझ्याकडे यायचे. काही काम काढून. कधी अर्जाची तारीख विचारायला, कधी काडेपेटी मागायला. एकदा मी भाकरी थापत होतो, ती फाटत होती. ते म्हणाले, पाणी कढत पाहिजे. स्वतःच बसले आणि थापून दाखवली. एकट्या माणसाच्या भाकऱ्या, गोल नव्हत्या, पण फुगत होत्या.

मग मुंबईचं पाकीट आलं. नकाराचं असतं तसं पातळ नव्हतं. पोस्टमननं ते न हलवता नानांच्या हातात ठेवलं. नानांनी आधी स्वतः वाचलं, मग मला मराठीत सांगितलं. त्या दिवशी विमान निघण्याआधी तपासणाऱ्या माणसाला चाकाच्या दांड्यात चीर दिसली. केसासारखी. कंपनी म्हणत होती, एक फेरी जाईल. त्यानं सही दिली नाही. दुसऱ्या दिवशी दांडा बदलला, मगच विमान मस्कतला गेलं. खाली त्यानं हातानं दोन ओळी लिहिल्या होत्या. तुमच्या पत्नीबद्दल वाईट वाटते. तुमच्या मुलीला घेऊन विमान नीट उतरावे, एवढेच माझ्या हातात होते.

मी विचारलं, मंगल त्याच विमानानं आली? नाना म्हणाले, त्याच.

जिनात एकदा ऐन हंगामात मी प्रेसच्या दांड्यात अशीच चीर बघितली होती. मशीन बंद केलं. बाहेर कापसाच्या गाड्यांची रांग रस्त्यापर्यंत, बैल उभे, माणसं माझ्या नावानं ओरडत होती. मालक म्हणाला, आजचा दिवस जाऊ दे. मी म्हटलं, खाली माणसं उभी असतात. त्या रात्री घरी आई आजारी असलेला कुणी त्या रांगेत अडकला होता का, मला काय माहीत? मी विचारलं नव्हतं. मी पुन्हाही तेच केलं असतं. इतके दिवस ज्याला शिवी द्यायला पत्ता शोधत होतो, तो माझ्यासारखाच एक फिटर निघाला.

नानांना म्हटलं, मग आता कुणाला लिहायचं?

नानांनी वही उघडली, पानं मागे-पुढे केली. शेवटी मिटली.

"याच्यापुढे टेबल नाही, गुलाबभाऊ."

एवढ्या वर्षांत त्यांच्या तोंडून हे पहिल्यांदा ऐकलं. त्यांना ते सांगायला जड गेलं. मला ऐकून हलकं वाटलं, ते का, हे मला लिहिता येणार नाही.

पत्राची झेरॉक्स मंगलला पाठवली. नानांनी मराठीत केलेलं खाली मीच उतरवून काढलं. पुढच्या महिन्यात बूथवाला बोलवायला आला. फोनवर मंगल होती. म्हणाली, बाबा, तुम्ही जिन बंद केलं होतं ना, ते आई नेहमी सांगायची. म्हणायची, त्या दिवशी तुम्ही जेवला नव्हता. मी म्हटलं, हो. ती म्हणाली, "आता जेवता का?" मी म्हटलं, भाकरी फुगते आता. मग फोनवर दोघंही रडलो, आणि बूथवाल्यानं तोंड दुसरीकडे केलं.

इथे गोष्ट संपायला हरकत नव्हती. पण नानांचा मोतीबिंदू पिकला.

वहीतले आकडे त्यांना दिसेनात. मी त्यांना जळगावला डोळ्यांच्या दवाखान्यात घेऊन गेलो. तिथल्या बाईंनी फॉर्म भरायला घेतला. नाव, वय, गाव झालं. मग विचारलं, नातेवाईक कोण? नाना चष्मा पुसायला लागले. बाईंनी पुन्हा विचारलं, सही कोण करणार? इतरांना दिल्लीपर्यंतचे पत्ते सांगणारा माणूस त्या खिडकीपुढे नुसता उभा राहिला. टोपी काढून हातात घेतली. मी बाईंना म्हटलं, भाऊ लिहा. बाईंनी आमच्या दोघांच्या तोंडाकडे बघितलं. सख्खे? मी म्हटलं, भिंत एक आहे. त्यांनी काय लिहिलं देव जाणे, मी सही ठोकली.

दुसऱ्या दिवशी सकाळी दवाखान्याच्या अंगणात कडुलिंबाखाली आम्ही बसलो होतो. नानांच्या ऑपरेशन झालेल्या डोळ्याला पट्टी, दुसऱ्यात धुकं. वही पिशवीत बरोबर आणलीच होती. त्यांनी ती माझ्याकडे दिली. म्हणाले, आठ दिवस तुम्ही लिहा, विमान गेलं की. सगळ्यात मागचं पान बघा, कसं लिहायचं ते कळेल. आणि ते लिंबाला टेकले.

मी मागचं पान काढायला गेलो, ते मधलंच उघडलं. वर माझं नाव होतं. मी हळू वाचतो, म्हणून एकेक अक्षर वाचलं. कोणाकडून, गुलाबभाऊ. विषय एक, विमान उशीर. कोणाकडे, कंपनी, नंतर मुंबई. विषय दोन, सिंधूबाई गेल्या, घरी एकटे. कोणाकडे, स्वतः.

पुढे शेऱ्याच्या रकान्यात बारीक अक्षरं होती. तिकिटाचा नंबर नसला तरी चालते, पण मुलीला पत्र घालायला लावणे. रोज संध्याकाळी जाणे, काही निमित्त काढणे. भाकरी येत नाही, शिकवणे. भाजीत मीठ जास्त, बोलू नये. आज दार उशिरा उघडले, लक्ष ठेवणे. आज मुलीचा फोन. आणि त्याखाली प्रलंबित. फोन आला त्या दिवसानंतरही प्रलंबितच. मधे पुसून पुन्हा तेच लिहिलेलं होतं.

मी नानांकडे बघितलं. ते पट्टीखाली बोट घालून खाजवत होते. मी त्यांचा हात खाली केला.

मग मी वही पहिल्यापासून चाळली. केवढी माणसं होती तीत. पानमळेवाला, हेडमास्तर, चष्म्याची मुलगी, शेळ्यांचा अर्जदार. कोणाकडून या रकान्यात सोनवणे नानांचं नाव एकदाही नव्हतं. त्यांच्या पेनाचं टोपण त्यांच्या स्वतःसाठी कधी उघडलंच नव्हतं.

मी पेन घेतलं आणि कोरं पान काढलं. कोणाकडून, सोनवणे नाना. विषय, सोबत कोणी नाही. कोणाकडे, इथे मी माझं नाव घातलं. अक्षर वाकडं आलं, पण वाचता येत होतं. शेऱ्याच्या रकान्यात काय लिहायचं ते पटकन सुचेना.

तेवढ्यात वरून विमान गेलं. अंगणातली सगळी पट्टीवाली माणसं आपापला उरलेला डोळा वर करून बघायला लागली. नानांनी सवयीनं मान खाली घातली, मांडी चाचपली, वही नव्हती. मग तेही वर बघायला लागले. तोंड थोडं उघडं होतं, टोपी मागे घसरली होती. म्हणाले, "कुठे आहे, गुलाबभाऊ?"

मी म्हटलं, लिंबाच्या डाव्या अंगाला, पांढरी रेघ. ते शोधत राहिले. त्यांना ती दिसली की नाही मला माहीत नाही. मी खाली मान घालून लिहीत होतो.